आधी क्वार्टर सोडा, मग भांडा: निवृत्तीनंतरचं शासकीय घर आणि अडकलेली ग्रॅच्युइटी

प्रश्न असा आला आहे: "बाबा महसूल विभागातून अव्वल कारकून म्हणून ३१ मे २०२४ ला निवृत्त झाले. आम्ही रविनगरच्या शासकीय वसाहतीत राहायचो. बेसा रोडवर फ्लॅट बुक केला होता, पण बिल्डरने ताबा लांबवला. वाटप आदेशाप्रमाणे निवृत्तीनंतर तीन महिने राहता येत होतं. बाबांनी ऑगस्टमध्येच मुदतवाढीचा अर्ज दिला, त्याला उत्तर आलं नाही. शेवटी ३० एप्रिल २०२५ ला क्वार्टर सोडलं. आता आठ महिन्यांचं दंडनीय भाडं म्हणून ३ लाख ८० हजार काढलेत आणि तेवढ्यासाठी साडेबारा लाखांची ग्रॅच्युइटी पूर्ण अडवून ठेवली आहे. असं करता येतं का? अजनीच्या रेल्वे क्वार्टरमध्ये राहणारे मामा म्हणतात, आमच्याकडे तर असंच चालतं. कोर्टात जावं का, आणि कोणत्या?"

तुमच्या बाबांनी सगळ्यात महत्त्वाची गोष्ट केलेली आहे, ती म्हणजे घर सोडलं. नागपुरात सरकारी क्वार्टरची प्रकरणं चालवताना मी प्रत्येक पक्षकाराला पहिलं वाक्य हेच सांगतो की भांडायचं ते रिकाम्या क्वार्टरवरून भांडा. आत बसून भांडलात तर न्यायाधीशांचा पहिला प्रश्न असतो, "घर कधी सोडता?" त्याचं उत्तर नसेल तर पुढचं कोणी ऐकून घेत नाही. तुमच्याकडे ते उत्तर आहे. म्हणून तुमचा वाद आता फक्त पैशाचा उरला आहे, आणि तिथे तुमची बाजू अर्धी बळकट, अर्धी कमकुवत आहे. बळकट भाग हा की ३ लाख ८० हजारांसाठी साडेबारा लाख दाबून ठेवणं टिकायला अवघड आहे. कमकुवत भाग हा की ३ लाख ८० हजार पूर्ण माफ होतील, ही आशा सोडून द्या.

आता सविस्तर.

क्वार्टरमध्ये राहणारा कर्मचारी भाडेकरू नसतो. त्याला राहण्याची परवानगी असते, तीही नोकरीपुरती. पगारातून कापलं जातं ते अनुज्ञप्ती शुल्क, म्हणजे लायसन्स फी. "तीस वर्षं भाडं भरलं, आमचा हक्क झाला" हे वसाहतीच्या कट्ट्यावर ऐकायला मिळतं, कोर्टात त्याला काही अर्थ नाही. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम ३ नुसार सरकारी आणि स्थानिक प्राधिकरणाच्या मालकीच्या जागांना तो कायदाच लागू होत नाही. ऑगस्ट २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ओंकारनाथ धर प्रकरणात हे आणखी स्पष्ट केलं. काश्मीरमधून विस्थापित झालेला निवृत्त अधिकारी होता, परिस्थिती खरोखर सहानुभूतीची होती, तरी न्यायालय म्हणालं की सरकारी निवासस्थान सेवेत असलेल्यांसाठी असतं आणि निवाऱ्याच्या हक्कात सरकारी घराचा हक्क येत नाही. ज्या न्यायालयाने तिथे दार उघडलं नाही, ते बिल्डरने उशीर केला म्हणून उघडेल असं मला वाटत नाही.

पहिली चौकशी करायची ती क्वार्टर कोणाचं आहे याची. नागपुरात रस्ता ओलांडला की मालक बदलतो आणि मालकाबरोबर कायदाही बदलतो. रविनगर राज्य शासनाचं, सार्वजनिक बांधकाम विभागाच्या ताब्यातलं. सेमिनरी हिल्सची सीपीडब्ल्यूडीची, म्हणजे केंद्रीय सार्वजनिक बांधकाम विभागाची, घरं केंद्राची. अजनीची रेल्वेची, त्यातही नागपुरात मध्य रेल्वेचा आणि दक्षिण पूर्व मध्य रेल्वेचा असे दोन वेगळे विभाग आहेत. अंबाझरीची आयुध निर्माणी ऑक्टोबर २०२१ पासून यंत्र इंडिया लिमिटेड या कंपनीत गेली. वेकोलि, म्हणजे वेस्टर्न कोलफील्ड्स, ही सरकारी कोळसा कंपनी आहे. महापालिका, जिल्हा परिषद, विद्यापीठ यांचं आणखी वेगळं. शेजारच्या कुणाच्या प्रकरणात काय झालं ते ऐकून निर्णय घेऊ नका, आणि मामांच्या सल्ल्यावर तर अजिबात नाही. मामांचं म्हणणं चूक आहे असं नाही, पण ते त्यांच्या नियमांपुरतं बरोबर आहे.

राज्याच्या घरांसाठी १९५५ चा शासकीय जागा निष्कासन, म्हणजे जागा रिकामी करवून घेण्याचा, कायदा आहे. जुन्या कागदांवर तो 'मुंबई शासकीय जागा (निष्कासन) अधिनियम' या नावाने दिसेल. त्याखाली शासनाने नेमलेला सक्षम प्राधिकारी कारणे दाखवा नोटीस देतो, म्हणणं ऐकतो आणि निष्कासनाचा आदेश काढतो. दिवाणी कोर्टाचा लांबचा रस्ता टाळून सरकारला असा जवळचा रस्ता देणं घटनेत बसतं का, हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात जाऊन १९७४ मध्ये मगनलाल छगनलाल प्रकरणात सुटला. कायदा वैध ठरला. केंद्राच्या, रेल्वेच्या आणि केंद्रीय कंपन्यांच्या जागांसाठी १९७१ चा सार्वजनिक जागा कायदा आहे. तिथे हे काम संपदा अधिकारी करतो. २०१९ च्या दुरुस्तीने कर्मचाऱ्यांच्या निवासस्थानांसाठी त्यात कलम ३ब आलं आणि नोटिशीला उत्तर देण्याची मुदत तीन कामकाजी दिवसांवर आली. तीन दिवसांत वकील शोधून कागद जमवणं किती जणांना जमतं ते मी रोज पाहतो. कलम ५ च्या आदेशावर जिल्हा न्यायाधीशांकडे अपील करायला फक्त बारा दिवस असतात. लोक नोटीस कपाटात ठेवतात, मुलगा पुण्याहून आला की दाखवू म्हणतात, आणि तेरावा दिवस उजाडतो.

तुमच्या बाबतीत हा सगळा भाग संपलेला आहे. एकच गोष्ट लक्षात ठेवा. निष्कासनाची कारवाई झालीच नाही, म्हणून दंडनीय भाडं लावता येत नाही, असा युक्तिवाद काही वकील सुचवतील. १९९६ मध्ये केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या, म्हणजे केंद्रीय कर्मचाऱ्यांचे नोकरीचे वाद ऐकणाऱ्या न्यायाधिकरणाच्या, पूर्ण पीठाने राम पूजन प्रकरणात असा युक्तिवाद फेटाळला होता: मुदत संपली की वास्तव्य आपोआप अनधिकृत होतं, वाटप रद्द केल्याचा वेगळा आदेश लागत नाही. तो रेल्वेचा मामला होता, पण तर्क सगळीकडे वापरला जातो.

आता पैशाचं.

उपदान, म्हणजे ग्रॅच्युइटी, ही सरकारची मेहेरबानी नाही. २०१३ मध्ये झारखंड राज्य विरुद्ध जितेंद्रकुमार श्रीवास्तव या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की निवृत्तिवेतन आणि उपदान ही घटनेच्या अनुच्छेद ३००अ खालची मालमत्ता आहे. कायद्याचा किंवा वैधानिक नियमाचा आधार असल्याशिवाय, नुसत्या कार्यालयीन सूचनेवर ती अडवता येत नाही. हा निकाल प्रत्येक निवृत्त कर्मचाऱ्याच्या मोबाइलमध्ये असतो. त्यातलं अर्धं वाक्यच सगळे वाचतात. उरलेलं अर्धं असं की वैधानिक नियम असेल तर अडवता येते. आणि तसा नियम आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ चा नियम १३२ शासकीय येणी उपदानातून वळती करू देतो आणि निवासस्थानाची थकबाकी त्या येण्यांत मोडते.

सर्वोच्च न्यायालयाचे निकाल इथे दोन दिशांना गेले आहेत. गोरखपूर विद्यापीठाच्या खटल्यात निवृत्त प्राध्यापकाच्या बाजूने निकाल लागला; क्वार्टरच्या वादासाठी निवृत्तीचे पैसे दाबून ठेवायला न्यायालयाने नकार दिला. वझीरचंद प्रकरणात रेल्वे कर्मचाऱ्याने निवृत्तीनंतर क्वार्टर सोडलं नाही, नियमाप्रमाणे दंडनीय भाडं उपदानातून वळतं झालं आणि न्यायालयाला त्यात काही गैर दिसलं नाही. गंमत म्हणजे हे दोन्ही निकाल २००१ च्या 'सुप्रीम कोर्ट केसेस'च्या सहाव्या खंडात आहेत, एक पान ५९१ वर आणि दुसरा ५९६ वर. पाच पानांच्या अंतराने दोन्ही बाजूंच्या वकिलांची सोय झालेली आहे. त्यानंतर २००५ मध्ये ओएनजीसी विरुद्ध वॉरियर आलं. तिथे आपल्याच मुंबई उच्च न्यायालयाचा कर्मचाऱ्याच्या बाजूचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने फिरवला आणि वजावट वैध ठरवली. डिसेंबर २०२० मध्ये सेलच्या, म्हणजे स्टील अथॉरिटीच्या राघवेंद्र सिंह प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने सांगितलं की मुदतीपलीकडे राहिलात तर दंडनीय भाडं हा त्याचा स्वाभाविक परिणाम आहे आणि ते देण्यांतून वळतं करता येतं. वारा कुठल्या बाजूला आहे ते यावरून कळेल. माझं मत विचाराल तर "वजावट मुळातच बेकायदा" ही लढाई आज जिंकण्यासारखी नाही. "किती वजा केलं, कशाच्या आधारावर आणि न विचारता का" ही लढाई मात्र रोज जिंकली जाते.

एक मुद्दा मात्र मांडून ठेवायलाच हवा. नियम १३२ ची रचना निवृत्तीच्या तारखेपर्यंतच्या येण्यांभोवती आहे: कार्यालयप्रमुखाने निवृत्तीआधी येणी शोधायची, ठरवायची आणि त्या तारखेला जे बाकी राहील ते उपदानातून घ्यायचं. तुमच्या बाबांचं दंडनीय भाडं सप्टेंबर २०२४ पासूनचं आहे. निवृत्तीच्या दिवशी त्यांच्याकडे एक रुपयाही बाकी नव्हता. त्यामुळे ३१ ऑगस्ट २०२४ पर्यंत उपदान देऊन टाकायला कार्यालयाला काहीच अडचण नव्हती. तोवर तर ते परवानगीने राहत होते. इथेच नियम १२९अ येतो. निवृत्तीनंतर तीन महिन्यांपलीकडे उपदान लांबलं आणि तो दोष कर्मचाऱ्याचा नसेल, तर व्याज द्यावं लागतं. सरकारी वकील म्हणणार की दोष तुमचाच, घर सोडलं नाही. आणि १९९६ च्या उजागर लाल निकालात तसं म्हटलेलंही आहे. म्हणून व्याजाची मागणी दोन तुकड्यांत करा. वादातल्या रकमेवरचं व्याज मिळेल न मिळेल. पण १२ लाख ५० हजारांतून ३ लाख ८० हजार गेले तरी ८ लाख ७० हजार उरतात. ते कोणत्या नियमाने अडवलेत? निदान घर सोडल्याच्या तारखेनंतर ते अडवून ठेवण्याला काहीही आधार नाही. न्यायाधिकरणात माझा पहिला अंतरिम अर्ज याच ८ लाख ७० हजारांसाठी असेल.

आता ३ लाख ८० हजारांकडे या. तुम्हाला आलेल्या वसुलीच्या पत्रात ९५० चौरस फूट, दर ५० रुपये, आठ महिने, असा हिशोब दिसतो; गुणाकार बरोबर आहे. पण गुणाकारातला प्रत्येक आकडा तपासायचा असतो. ९५० हे क्षेत्रफळ कुठून आलं? जुन्या वसाहतींच्या नोंदवहीत कधी बांधकाम क्षेत्र लिहिलेलं असतं, कधी चटई क्षेत्र. शासन निर्णयात दर कोणत्या क्षेत्रावर लावायचा म्हटलंय ते बघा. समजा चटई क्षेत्र ७२० निघालं आणि दर त्यावरच लागू असेल, तर रक्कम २ लाख ८८ हजारांवर येते. ९२ हजारांचा फरक एका आकड्यात. दर ज्या शासन निर्णयातून घेतला तो त्या आठ महिन्यांत लागू होता का? नंतर वाढलेला दर मागच्या महिन्यांना लावण्याचा प्रकार अधूनमधून होतो. त्या आठ महिन्यांत साधं अनुज्ञप्ती शुल्क भरलं असेल तर ते वजा केलंय का? मी पाहिलेल्या बऱ्याच पत्रांत केलेलं नसतं. आणि मुख्य म्हणजे, ही रक्कम ठरवण्याआधी बाबांना नोटीस देऊन म्हणणं मागितलं होतं का? नसेल तर तो तुमचा सगळ्यात चांगला मुद्दा आहे. न्यायाधिकरण बहुतेक वेळा अशा प्रकरणात वसुलीचं पत्र रद्द करून "ऐकून घेऊन नव्याने ठरवा" म्हणतं. काहींना हा अर्धवट विजय वाटतो. मला वाटत नाही, कारण नव्याने ठरवताना चुकीचं क्षेत्रफळ सहसा टिकत नाही.

हे सगळं माहिती अधिकारात मागवा. वाटप नोंदवहीतली तुमच्या क्वार्टरची नोंद, क्षेत्रफळाची नोंद, दर लावलेल्या शासन निर्णयाची प्रत, आणि मुदतवाढीच्या अर्जावरची टिपणी. शेवटची विसरू नका.

कारण त्या अर्जाबद्दल लोकांचा मोठा गैरसमज असतो. उत्तर आलं नाही म्हणजे परवानगी मिळाली, असं नसतं. अर्ज पडून राहिला तरी मुदत संपायची ती संपतेच, आणि दंडनीय भाड्याचं मीटर रिक्षाच्या मीटरसारखं उभ्या उभ्या पडत राहतं. पण आवक शिक्का असलेली अर्जाची प्रत तुमच्याकडे असेल तर तिचा उपयोग वेगळ्या ठिकाणी आहे: तुमचा हेतू लपवण्याचा नव्हता आणि कार्यालयाने आठ महिने तोंड उघडलं नाही, हे त्यातून दिसतं. टिपणीत कुणी "मुदतवाढ देण्यास हरकत नाही" असं लिहून फाइल वर पाठवलेली निघाली, तर मग सवलतीच्या दरासाठी शासनाकडे निवेदन करायला चांगला आधार मिळतो. तो अर्ज कार्यालयात दिला की बांधकाम विभागाकडे, हेही पाहा. वाटप करणाऱ्याला सोडून स्वतःच्या साहेबाला दिलेला अर्ज बहुतेक वेळा तिथेच विरून जातो.

दोन मुद्दे मांडू नका. एक, "आम्ही सोडल्यावर क्वार्टर सहा महिने रिकामंच पडलं होतं." खरं असेल, रविनगरमधून जाताना कुलूप लावलेली घरं मलाही दिसतात. पण त्याने तुमचं वास्तव्य अधिकृत होत नाही. दोन, "मोठे साहेब दोन-दोन वर्षं सोडत नाहीत, त्यांना कोण विचारतं?" दुसऱ्याला बेकायदा सवलत मिळाली म्हणून मलाही द्या, असं समानतेच्या नावाखाली मागता येत नाही. शिवाय सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये लोकप्रहरी प्रकरणात उत्तर प्रदेशच्या माजी मुख्यमंत्र्यांनाही बंगले सोडायला लावले आहेत. राग समजतो, पण तो अर्जात लिहू नका.

मामांचं प्रकरण थोडं सांगतो, कारण तेही पुढेमागे निवृत्त होणारच. रेल्वे सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९९३ चा नियम १६(८) स्पष्ट आहे: निवृत्तीनंतर क्वार्टर सोडलं नाही तर पूर्ण उपदान रोखून ठेवता येतं आणि त्यातून साधं भाडं, विशेष लायसन्स फी किंवा दंडनीय भाडं वळतं करता येतं. राज्याच्या नियमात इतका थेट अधिकार नाही, म्हणून "रेल्वेत असंच चालतं" हे वाक्य तुमच्या बाबांना लागू होत नाही. तुमच्या कार्यालयाने नेमका रेल्वेचा शिरस्ता राज्याच्या कर्मचाऱ्याला लावलाय, असं अर्जात ठासून सांगा. मामांनी दुसरी गोष्ट लक्षात ठेवावी. निवृत्तीनंतर अनधिकृत राहिलेल्या प्रत्येक महिन्यामागे मोफत प्रवासाच्या पासचा एक संच कापण्याची रेल्वेची पद्धत आहे. आणि त्यांच्या मुलाला रेल्वेत नोकरी असेल व क्वार्टर त्याच्या नावावर करून घ्यायचं असेल, तर तो निवृत्तीआधी किमान सहा महिने त्यांच्याबरोबर राहत असला पाहिजे आणि त्या काळात त्याने घरभाडे भत्ता उचललेला नसला पाहिजे. दरमहा भत्ता घेऊन नंतर "मी बाबांसोबतच राहत होतो" म्हणणारे बरेच असतात. पगारपत्रकच त्यांच्याविरुद्ध बोलतं.

कोणत्या दारात जायचं? बाबा राज्य शासनाचे कर्मचारी होते, वाद उपदानाचा आहे, म्हणून महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचं नागपूर खंडपीठ. अंतिम आदेशापासून एक वर्षात अर्ज करायचा. आधी निवेदन दिलं आणि सहा महिने उत्तर आलं नाही, तर त्या सहा महिन्यांनंतर वर्ष मोजतात. दर दोन महिन्यांनी स्मरणपत्र पाठवत राहिलं की मुदत वाढते, अशी समजूत आहे, वाढत नाही. न्यायाधिकरणाच्या निकालावर नाराजी असेल तर १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींपुढे, म्हणजे आपल्या नागपूर खंडपीठापुढे. मामांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण. त्याच्या मुंबई खंडपीठाची फिरती बैठक नागपुरात बसते. पण रेल्वेने १९७१ च्या कायद्याखाली निष्कासनाचा आदेश काढला तर तिथे जाऊन उपयोग नाही. रसिला राम निकालाने ती वाट बंद केली. तेव्हा जिल्हा न्यायाधीश आणि तेच बारा दिवस. जिल्हा परिषद आणि महापालिकेचे कर्मचारी राज्याच्या न्यायाधिकरणात येत नाहीत, त्यांना उच्च न्यायालयात रिट याचिका. वेकोलिसारख्या कंपनीतल्यांना नोव्हेंबर २०२५ पर्यंत ग्रॅच्युइटी कायदा, १९७२ लागू होता, आता त्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० आहे; म्हणून केंद्रीय कामगार खात्यातला सक्षम प्राधिकारी. तिथे आणखी एक धोका आहे: कंपनी कायदा, २०१३ च्या कलम ४५२ खाली कंपनीची मालमत्ता अडवून ठेवणं हा गुन्हा आहे, आणि क्वार्टरही त्यात येतं. निवृत्त माणसाला जेएमएफसी, म्हणजे प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्याच्या, कोर्टातून समन्स आलं की घरात काय होतं ते सांगायला नको.

एक गोष्ट तुम्ही विचारली नाहीत, पण तुमच्या प्रकरणात खरा पैसा कदाचित तिथे आहे. ताबा बिल्डरने लांबवला ना? करारात ताब्याची तारीख असेल आणि प्रकल्प नोंदणीकृत असेल, तर रेरा, म्हणजे बिल्डरांवर नियंत्रण ठेवणाऱ्या, कायद्याच्या कलम १८ खाली उशिराच्या प्रत्येक महिन्याचं व्याज मागता येतं, फ्लॅट न सोडता. चाळीस-पन्नास लाख भरलेले असतील तर आठ-दहा महिन्यांचं व्याज दंडनीय भाड्याच्या आसपास सहज जातं. लोक सरकारशी दोन वर्षं भांडतात आणि बिल्डरकडून पेढे खाऊन चावी घेतात. ताबा घेताना "माझी कोणतीही तक्रार नाही" अशा कागदावर सही केली आहे का, ते आजच बघा.

आता ताब्याच्या कागदाबद्दल, कारण ३० एप्रिल ही तारीख तुम्ही लिहिलीत, पण ती सिद्ध कशाने होणार? क्वार्टर सोडणं म्हणजे ट्रकमध्ये सामान भरणं आणि चावी चौकीदाराकडे देणं नव्हे. शाखा अभियंता किंवा त्याचा माणूस येतो, पंखे, ट्यूबलाइट, नळ, दारांच्या कड्या मोजतो, यादीवर खुणा करतो आणि ताबा पावती देतो. नागपुरात या वेळी एक हमखास भांडण होतं ते कूलरचं. उन्हाळ्यात कूलर बसवायला मागच्या खिडकीची जाळी कापलेली असते, बाहेर लोखंडी स्टँड भिंतीत ठोकलेला असतो. तो काढला की भिंतीला चार भोकं. अभियंता म्हणतो आधी दुरुस्त करा, मग पावती. आपण म्हणतो ही जाळी आमच्या आधीच्यानेच कापली होती. या घोळात पंधरा दिवस जातात आणि पावतीवर पंधरा दिवसांनंतरची तारीख पडते. त्या पंधरा दिवसांचं भाडंही दंडनीय दराने. तुमच्या पावतीवर ३० एप्रिल आहे की मेमधली एखादी तारीख, ते पाहा. पावती नसेलच तर महावितरणचं शेवटचं वाचन, वीज जोडणी बंद केल्याचा अर्ज, ट्रकवाल्याची पावती, नव्या घराचा ताबा, जे असेल ते जोडा. हे वाचणाऱ्या आणि अजून क्वार्टरमध्ये असलेल्यांनी जाळी महिनाभर आधीच बसवून घ्यावी. अभियंता येत नसेल तर चावीसह पत्र देऊन आवक शिक्का घ्यावा.

बदलीवाल्यांसाठी थोडंसं. मध्येच झालेल्या बदलीविरुद्ध २००५ च्या बदल्यांच्या कायद्याखाली न्यायाधिकरणातून स्थगिती आणणारे बरेच आहेत. बदलीला स्थगिती मिळाली म्हणून क्वार्टरची मुदत वाढली असं समजू नका. अर्ज फेटाळला गेला तर मधला सगळा काळ अनधिकृत धरला जाऊ शकतो, म्हणून स्थगिती मागतानाच निवासस्थानाबद्दलही स्वतंत्र मागणी लिहायला वकिलाला सांगा. आणि नवरा-बायको दोघंही सरकारी नोकरीत, एकाच गावात, एकाच्या नावावर क्वार्टर असेल तर दुसऱ्याला घरभाडे भत्ता मिळत नाही. तो चुकून वर्षानुवर्षं दिला गेला आणि निवृत्तीच्या तोंडावर वसुली निघाली, तर डिसेंबर २०१४ चा रफिक मसीह निकाल वाचा. वर्ग तीन-चारच्या कर्मचाऱ्यांना आणि निवृत्तांना त्याने संरक्षण दिलं आहे. क्वार्टरची माहिती लपवून भत्ता घेतला असेल किंवा "जादा रक्कम परत करीन" असं हमीपत्र दिलं असेल तर मात्र त्या संरक्षणावर फार भिस्त ठेवू नका.

तुम्ही या आठवड्यात काय करायचं ते सांगतो. कार्यालयप्रमुखांना एक पानी पत्र द्या, प्रत बांधकाम विभागाला आणि महालेखाकार कार्यालयाला. त्यात तीनच मागण्या लिहा: वादात नसलेले ८ लाख ७० हजार ताबडतोब सोडा, दंडनीय भाड्याचा हिशोब क्षेत्रफळ, दर आणि शासन निर्णयासह द्या, आणि रक्कम कायम करण्याआधी सुनावणी द्या. रागाचं एक वाक्यही नको. "मला दंडनीय भाडं मान्य आहे" असंही कुठे लिहू नका; कारकून चहा पाजून तसं संमतीपत्र पुढे करतील, म्हणतील की सही करा, उरलेले पैसे लगेच सुटतात. पैशाची फारच निकड असेल तर सही करताना "माझे हक्क अबाधित ठेवून" हे शब्द स्वतःच्या हाताने लिहा आणि त्या कागदाचा फोटो काढून ठेवा. महिनाभरात हालचाल झाली नाही तर पत्राची पोच, वाटप आदेश, ताबा पावती, मुदतवाढीचा अर्ज आणि वसुलीचं पत्र घेऊन न्यायाधिकरणात काम करणाऱ्या वकिलाकडे जा. निवृत्तिवेतन सुरू असेल तर त्याला मात्र धक्का लागत नाही. नियम २७ खाली चौकशी किंवा न्यायालयीन कारवाई झाल्याशिवाय ते कापता येत नाही, आणि क्वार्टरचं भाडं हे काही त्याचं कारण होत नाही.